कीबोर्डमधला तारपा

९ ऑगस्टला, विश्व आदिवासी दिनी, पालघर-बोईसर पट्ट्यात मिरवणुका निघतात. तारपा असतो, गाडीवर डीजेही असतो, आणि या जिल्ह्याच्या संगीताचं आज काय चाललंय ते तिथे सगळं कानावर पडतं. डीजेवरच्या गाण्याची चाल तारप्याची, पण वाजलेली कीबोर्डवर. शब्द वारली बोलीतले, ठोका लग्नाच्या वरातीतला, मध्येच गुजरातकडून आलेली टिमलीची लय. ही सरमिसळ मला मनापासून आवडते. तारापूरच्या एमआयडीसीत देशभरातून माणसं पोटासाठी आली. अशा गावाचं गाणं सोवळ्यात कशाला राहावं?

माझी तक्रार वेगळी आहे. या गाण्यात तारप्याची चाल आली, तारपा मात्र बाहेरच राहिला.

तारपा म्हणजे वाळवलेला दुधी, त्यात मेणाने बसवलेल्या बांबूच्या दोन नळ्या, नळ्यांना जिभल्या आणि टोकाला ताडाच्या पानांचा कर्णा. वाजवणारा गालात हवा धरून नाकाने श्वास घेत राहतो, म्हणून सूर तुटत नाही. एका स्वराच्या पोटातून दुसरा निघतो. कीबोर्डवर तीच चाल घेतली की स्वर सुटे पडतात, कारण प्रत्येक स्वराची पट्टी वेगळी दाबावी लागते. नाचाचंही तेच. तारपकरी मध्ये, त्याच्याभोवती गोल, पुढच्याच्या हातात घोळकाठी. तारपकऱ्याने चाल बदलली की पावलं बदलतात. किती वेळ नाचायचं, कधी वळायचं हे तो माणसं बघून ठरवतो. डीजेचा ठोका आधीच ठरलेला असतो आणि गाडी पुढे सरकत असते. गोल धरायला मोकळं आवार लागतं, ते रस्त्यावर मिळत नाही.

सातपाटीच्या किनाऱ्यावर ऐकू येणाऱ्या कोळीगीताचं नशीब निराळं. त्याचा जीव शब्दांत आणि ठेक्यात, त्यामुळे ते स्टुडिओत सहज शिरलं. शांता शेळके आणि हृदयनाथ मंगेशकरांनी लता आणि हेमंतकुमार यांच्या आवाजात ते घरोघरी पोचवलं. पुढे बँजो पार्टीने त्याला वरातीत नेलं. तारप्याला असा मधला माणूस भेटला नाही. त्याची अडचण खरी आहे: दुधी शेतात पिकतो, एकासारखा दुसरा नसतो, म्हणून एका तारप्याचा सूर दुसऱ्याशी नेमका जुळेल याची खात्री नाही. वाद्यवृंदाला हे परवडत नाही. मग कुणीतरी कीबोर्डमधला शहनाईसारखा तयार आवाज निवडतो आणि काम भागवतो.

पण अडचणीतून वाट काढणारे असतात. लंडनमध्ये १९७५ साली जन्मलेली, जाफन्यात लहानपण काढलेली तमिळ गायिका एम.आय.ए. हिने हिपहॉप, डान्सहॉल आणि इलेक्ट्रॉनिक ठोके एकत्र मळून ब्रिटिश पॉपचा चेहरा बदलला. २००७ च्या ‘काला’ या अल्बमसाठी ती चेन्नईला गेली आणि तिथले उरुमी ढोल तिने प्रत्यक्ष वाजवून घेतले. त्या गाण्यांत ढोल शोभेला नाहीत. ते काढले तर गाणंच उरत नाही. नाव मात्र गायिकेचं झालं, ढोलवाल्यांचं नाही, हेही विसरू नये.

चित्रकलेत आपल्या जिल्ह्याने याहून चांगलं करून दाखवलं आहे. डहाणू तालुक्यातल्या गंजाडचे जिव्या सोमा मशे यांनी भिंतीवरची रेषा कागदावर आणली, २००३ मध्ये इंग्रज कलावंत रिचर्ड लाँगच्या बरोबरीने जर्मनीत प्रदर्शन मांडलं, २०११ मध्ये पद्मश्री मिळवली. नवं माध्यम, परका जोडीदार, आणि रेषा शेवटपर्यंत वारली. त्यांच्या चित्रांत तारपकरी मध्यभागी असतो. गाण्यांत तो कडेलाही नाही.

जव्हार तालुक्यातल्या वाळवंड्याचे भिकल्या लाडक्या धिंडा यांना २०२६ मध्ये पद्मश्री जाहीर झाली. आयुष्यभर तारपा स्वतः बनवणारा आणि वाजवणारा हा माणूस नव्वदी ओलांडल्यावर देशाला माहीत झाला. सन्मान झाला, सत्कार झाले, आनंद आहे. पण बोईसर-डहाणूच्या ज्या पोरांकडे लॅपटॉप, माईक आणि यूट्यूबवर हजारो श्रोते आहेत, त्यांनी अशा वादकांना सत्काराच्या खुर्चीवरून उठवून माईकसमोर बसवायला हवं, गाण्यावर त्यांचं नाव घालायला हवं आणि पैशांत वाटा द्यायला हवा. सुराची सबब तर चालणारच नाही. दुधीचा सूर बदलता येत नसेल, पण कीबोर्डचा सूर वर-खाली करायची सोय असतेच. आधी तारपा वाजू द्यावा, मग त्याला कीबोर्ड जुळवावा.