अ‍ॅलन स्टार्स्की यांचे कलादिग्दर्शन : प्रतिकृती आणि स्मृती

चित्रपटसमीक्षेत कथा, दिग्दर्शन व अभिनय यांची सविस्तर चर्चा होते. कलादिग्दर्शकाची दखल मात्र बहुधा ‘नेपथ्य हुबेहूब आहे’ या एका वाक्यावर संपते. पोलिश कलादिग्दर्शक अ‍ॅलन स्टार्स्की (जन्म १९४३, वॉर्सा) यांच्या बाबतीत हे विशेषण तपासून पाहणे आवश्यक वाटते. हुबेहूब म्हणजे नेमके कशासारखे?

आंद्जेइ वायदा यांच्या ‘मॅन ऑफ मार्बल’ (१९७७), ‘मॅन ऑफ आयर्न’ (१९८१) व ‘दाँताँ’ (१९८३) या चित्रपटांतून स्टार्स्की यांची दृष्टी घडली. ‘एस्केप फ्रॉम सोबिबोर’ (१९८७) या दूरचित्रवाणीपटात त्यांच्यापुढे वेगळाच प्रश्न उभा राहिला. १९४३ मधील कैद्यांच्या उठावानंतर नाझींनी ती छावणी जमीनदोस्त केली होती. मूळ वास्तूच नसल्याने छावणी युगोस्लाव्हियात उभारावी लागली.

‘शिंडलर्स लिस्ट’ (१९९३) मध्ये हा प्रश्न अधिक गुंतागुंतीचा झाला. या चित्रपटासाठी त्यांना एवा ब्राउन यांच्यासह ऑस्कर मिळाले. क्राकुव्हमधील प्वाशुव्ह छावणीच्या जागेवरून आधुनिक इमारती दिसत असल्याने तिची प्रतिकृती जवळच्या लिबान दगडखाणीत बांधण्यात आली. पोडगुझे या मूळ गेटोच्या भागाचे रूप पालटले होते, म्हणून गेटोची बरीच दृश्ये नदीपलीकडील काझिमेझ या जुन्या ज्यू वस्तीत चित्रित झाली. आउशवित्झच्या आत चित्रीकरणास आक्षेप आल्याने देखावा प्रवेशद्वाराबाहेर उभारला गेला. पडद्यावर आत शिरणारी आगगाडी प्रत्यक्षात बाहेर येत होती. येथे हुबेहूबपणा स्थळाचा नाही, प्रेक्षकाच्या मनावरील परिणामाचा आहे, आणि त्या कसोटीवर स्टार्स्की यांचे यश निर्विवाद आहे.

तथापि या यशाची एक बाजू समीक्षकांनी पुरेशी विचारात घेतलेली नाही. लिबानची खाण ही काही कोरी जागा नव्हती. १९४२ ते १९४४ या काळात नाझींनी तेथे पोलिश तरुणांसाठी दंडछावणी चालविली होती. चित्रीकरणानंतर देखाव्याचे अवशेष तेथेच राहिले. प्वाशुव्हमध्ये नाझींनी ज्यूंच्या थडग्यांचे दगड रस्त्यावर अंथरले होते. त्या रस्त्याची नक्कलही त्या अवशेषांत आहे. परिणामी एका छावणीची प्रतिकृती दुसऱ्या छावणीच्या खऱ्या अवशेषांत मिसळली. याचा दोष एकट्या कलादिग्दर्शकाला देता येणार नाही. देखावा मोडणे वा ठेवणे हा निर्मितीचा व्यवहार असतो. परंतु आपले ‘हुबेहूब’ हे कौतुक येथे अपुरेच नव्हे, काहीसे बेजबाबदारही ठरते.

‘द पियानिस्ट’ (२००२) या सेझार पुरस्कारप्राप्त कामात स्टार्स्की यांनी स्वतःच्या जन्मवर्षाच्या आसपासचे वॉर्सा उभे केले. त्यातील उद्ध्वस्त शहरासाठी जर्मनीतील युटरबोग येथील सोव्हिएत सैन्याच्या ओसाड बराकी पाडून ढिगारे करण्यात आले. प्रस्तुत लेखकास हे त्यांचे अधिक प्रगल्भ काम वाटते. या पडझडीने दुसऱ्या कोणाच्या यातनांची खूण झाकली नाही. लिबानच्या खाणीत मात्र पायाखालचा दगड थडग्याचा की देखाव्याचा, हे आजही पाहणाऱ्याला कोणीतरी सांगावे लागते.