फेरिबोत्तेचे खाते

चित्रपट पाहताना माझी नजर नायकावर ठरत नाही. दोष बँकेचा. वीस वर्षे कारकुनी केलेल्या माणसाला केबिनमधल्या साहेबापेक्षा शेजारच्या टेबलावरचा माणूस जवळचा वाटतो. म्हणून मारिओ मोनिचेल्लीचा १९५८ चा ‘ई सोलिती इन्योती’, म्हणजे आपल्या वर्तमानपत्री भाषेत ‘नेहमीचेच अज्ञात चोरटे’, पाहिला तेव्हा गासमान आणि मास्त्रोयानी यांना सोडून मी तिबेरिओ मुर्जा नावाच्या इसमाला धरून बसलो.

गोष्ट रोममधल्या भुरट्या चोरांची. शेजारच्या घराची भिंत फोडून गहाणवटीच्या पेढीची तिजोरी गाठायची, असा बेत. फोडतात भलतीच भिंत, निघतात त्याच घराच्या स्वयंपाकघरात, आणि तिथला हरभऱ्याचा पास्ता खाऊन परत फिरतात! (एके काळी सोनेतारणाच्या काउंटरवर बसलेल्या मला फार हायसे वाटले.) त्यात मुर्जा झालाय सिसिलीचा फेरिबोत्ते. काळी मिशी, ताठ मान, बहीण कुलपात. बाकीची मंडळी तोंडाइतकीच हातांनी बोलतात. हा पठ्ठ्या आपला खांबासारखा उभा. साऱ्या खानदानाची अब्रू जणू त्याच्या मिशीवर तोलून ठेवलीय, हलला की सांडेल!

आणि हा सिसिलीचा नव्हेच. जन्म १९२९ चा, सार्डिनियातल्या ओरिस्तानोचा. रोममध्ये एका खानावळीत भांडी विसळत होता, तिथून सिनेमात आला. सिसिलीची बोली येणार कुठून? आवाज दिला रेनातो कोमिनेत्तीने. त्याची बहीण झालेली क्लाउदिया कार्दिनाले ट्युनिसची, फ्रेंच बोलत वाढलेली. आवाज तिचाही दुसरीचाच. बहीणभाऊ समोरासमोर, आणि बोलतात तिसरेच!

सोंग असे वठले की लोकांनी ते उतरवूच दिले नाही. १९५९ च्या ‘ला ग्रांदे ग्वेर्रा’त तो महायुद्धातला शिपाई झाला, तोही सिसिलीचा. पुढे शंभरावर चित्रपट झाले, त्यांतले पुष्कळ सुमार, आणि पुन्हापुन्हा तोच सिसिलियन. नागपूरच्या माणसाला जन्मभर मालवणी करून ठेवण्यातला प्रकार. मला तो समजतो. एकजण रजेवर गेला म्हणून मला तीन दिवसांसाठी आवक-जावकला बसवले, त्याला आता अकरा वर्षे झाली. “तुमच्या हाताला बसलंय हो ते,” साहेब म्हणतात.

मी पडलो बी.कॉम. हिशेब मांडला. आवाज कोमिनेत्तीच्या खाती, संवाद लेखकांच्या खाती, मुर्जाच्या खाती शिल्लक काय? परवा टीव्हीचा आवाज बंद करून चित्रपट पुन्हा लावला. गासमान निम्मा झाला. त्याचे तोतरेपणच गेले, दुसरे काय होणार? फेरिबोत्ते मात्र होता तेवढाच. तीच मान, तीच नजर. मी एकटाच हसत सुटलो.

१९८५ मध्ये, ‘वीस वर्षांनंतर’ म्हणून या चोरांचा आणखी एक चित्रपट निघाला. छप्पन वर्षांचा मुर्जा त्यातही फेरिबोत्तेच. २०१० साली तो वारला.

सौ. स्वयंपाकघरातून डोकावली. “आवाज गेलाय का हो?”

“त्याचा कधी नव्हताच.”

“मग बघताय काय?”

“मिशी,” मी म्हणालो. ती येऊन शेजारी बसली, आणि पोळी तव्यावरच राहिली.