राळेच्या उजेडातले राक्षस

सांगलीत ५ नोव्हेंबर १८४३ रोजी विष्णुदास भाव्यांनी ‘सीतास्वयंवर’ रंगवले, हे आपण दर वर्षी रंगभूमीदिनी आठवतो. भाव्यांच्या नावाचे गौरवपदक दिले जाते, भाषणे होतात, नांदीचे सूर लागतात. त्या दिवशी राक्षसांची आठवण मात्र कुणी काढत नाही. वास्तविक त्या काळच्या पौराणिक खेळांत प्रेक्षक ज्याची वाट पाहत बसायचे, त्यात राक्षसाचे आगमन फार वरचे होते. आदल्याच वर्षी उत्तर कानड्यातल्या कर्कीहून भागवत मंडळी सांगलीत आली होती. त्यांचा यक्षगानाचा खेळ पाहून सांगलीचे अधिपती चिंतामणराव आप्पासाहेब पटवर्धन यांनी तरुण विष्णुदासाला तसेच, पण अधिक नेटके काही मराठीत उभे करायला सांगितले. यक्षगानाकडून जे आपल्याकडे आले त्यात राक्षसाचा दरारा होता. नटांच्या वाटण्याही तशाच पडल्या: देवपार्टी, ऋषिपार्टी, स्त्रीपार्टी आणि राक्षसपार्टी.

या राक्षसपार्टीचे रूप संहितेत शोधायला गेलो तर हाती काही लागत नाही. भाव्यांची पदे ‘नाट्यकवितासंग्रहा’त १८८५ साली छापून आली, पण ती सूत्रधाराने म्हणायची पदे. भाषणे पात्रे आपापल्या शब्दांत रचत. राक्षस कोण, कुणाचा भाऊ, कशासाठी चवताळला, एवढे पद सांगायचे. तो दिसायचा कसा, चालायचा कसा, ओरडायचा कसा, हे नटाने ठरवायचे. मशालीवर राळ फेकली की भपकन उजेड व्हायचा, तलवारी फिरायच्या, आरोळी उठायची आणि लगेच सगळे धुरात बुडायचे. म्हणजे प्रेक्षकाला राक्षस सलग दिसतच नव्हता, तुकड्यातुकड्यांनी दिसायचा. मधल्या जागा त्याची त्याने भरायच्या. पुढे शिकलेल्या मंडळींनी या नाटकांची ‘अललडुर्र’ म्हणून टिंगल केली. नक्कल करणाऱ्या मंडळ्यांनी नुसता धिंगाणा चालवला असेल, त्यावर टीका व्हायलाच हवी होती. पण त्या टिंगलीबरोबर एक जाणही हरवली, याचे मला मनापासून वाईट वाटते. भीती दाखवण्यात किती आणि झाकण्यात किती, याचा अंदाज त्या राळ फेकणाऱ्या माणसाला होता.

आजचे खलनायकाचे चित्र पाहिले की हीच गोष्ट आधी खटकते. ते सगळे दाखवून मोकळे होते. शिंगे, सुळे, लाल डोळे, फुगलेले स्नायू, मागे ज्वाला. गणेशोत्सवातल्या हलत्या देखाव्यांत, बालनाट्यांच्या जाहिरातींत, पुस्तकांच्या मुखपृष्ठांवर आणि आता संगणकाने क्षणात काढून दिलेल्या चित्रांत महिषासुर, रावण, कंस आणि परदेशी खेळातला कुठलाही सैतान एकाच साच्यातून निघाल्यासारखे दिसतात. कुठला कोण हे ओळखायला खाली नाव लिहावे लागते. आपल्याकडे खलनायकाचे रूप इतके गरीब कधीच नव्हते. त्याला रुबाब होता, घराणे होते, प्रसंगी देवळात जागाही होती. तो मोठेपणा काढून घेऊन नुसते ओंगळपण शिल्लक ठेवणे ही आजच्या या कलेतली खरी पडझड आहे.

वाल्मीकींचा रावण आठवावा. सुंदरकांडात हनुमान रात्री लंकेत शिरतो आणि निजलेल्या रावणाला पाहतो. तिथे त्याचे विद्रूप वर्णन येईल अशी अपेक्षा असते. येते ते देखणेपण. दागिने, चंदनाची उटी, भरदार बाहू आणि त्या बाहूंवर ऐरावताच्या सुळ्यांचे वण. या एका वणात देवांशी झालेले अख्खे युद्ध आहे. पुढे दरबारात त्याला दहा मस्तकांसह समोर पाहिल्यावर हनुमान मनाशी म्हणतो की हा अधर्माने वागला नसता तर स्वर्गाचाही रक्षणकर्ता झाला असता. रावण मोठा आहे म्हणून त्याचे पतन मोठे आहे. समर्थ रामदासांनी रामायणातली सुंदर आणि युद्ध ही दोनच कांडे निवडून रचली. चाफळच्या आसमंतात बलोपासना सांगणाऱ्या माणसाला शत्रूही तोलामोलाचा लागणार, हे त्या निवडीतून मला दिसते. सातारा-सांगली-कोल्हापूर या पट्ट्यात त्यांनी स्थापलेल्या अकरा मारुतींपैकी काहींच्या पायाखाली दैत्य आहे. तो लहान असला तरी त्याला आकार दिलेला आहे, कारण पायाखाली कोण आहे यावरून वरच्याचे बळ कळते.

शब्दांत दहा तोंडे चालतात. एका ठिकाणी दहा, दुसऱ्या ठिकाणी एकच, अशी सोय कवीला असते आणि श्रोता तक्रार करत नाही. पिंगुळीच्या ठाकर कलावंतांच्या चित्रकथीतही अडचण नाही, कारण तिथे शरीर हे हाडामांसाचे मानलेलेच नाही. रेषेने सांगितलेली ती खूण आहे. अडचण सुरू झाली ती विलायती वास्तवदर्शी चित्रकला आपल्याकडे रुजल्यावर. मानेचे स्नायू, खांद्याचे हाड, त्वचेवर पडणारा उजेड हे सगळे खरे काढायचे ठरवले की दहा तोंडे बसवायची कुठे? राजा रविवर्म्याने ‘जटायुवधा’त हा पेच सरळ टाळला. त्याच्या रावणाला एक डोके आहे, मिशा आहेत, हातात तलवार आहे. जटायूचा पंख तुटला आहे आणि सीतेने डोळे झाकून घेतले आहेत. भीती रावणाच्या तोंडावर नाही, सीतेच्या हातांत आहे. हा उपाय मला फार शहाणपणाचा वाटतो. पण त्याची किंमतही होती. त्यानंतर राक्षस म्हणजे नाटकी पोशाखातला दांडगा मिशाळ पुरुष असे समीकरण छापील चित्रांनी घरोघरी पोहोचवले.

याच वाटेवर सातारा जिल्ह्यातले औंध लागते. औंधचे राजे भवानराव ऊर्फ बाळासाहेब पंतप्रतिनिधी स्वतः चित्रकार आणि कीर्तनकार होते. त्यांनी रामकथा चित्रांत उतरवली आणि १९१६ साली ती चित्रमालिका पुस्तकरूपाने प्रसिद्ध केली. एखाद्या संस्थानिकाने चित्रे विकत घेणे वेगळे आणि स्वतः कुंचला धरून अख्खे रामायण काढणे वेगळे. १९३८ साली त्यांनी औंधच्या टेकडीवर संग्रहालय उभारले, तिथे जाऊन या वळणाची चित्रकला जवळून पाहता येते. बाळासाहेब कीर्तनात रावण उभा करत असतील तेव्हा आवाज, हातवारे, मृदंग, श्रोत्यांचे हुंकार हाताशी असत. कागदावर यातले काहीच नाही. वास्तवदर्शी शैली पौराणिक विषयाला लावताना जे अवघडलेपण येते ते त्या पिढीच्या सगळ्याच चित्रकारांत आहे: देव चटकन दैवी होतात, पण राक्षस अद्भुत होत नाही, तो वेष केलेला माणूस राहतो. तरीही त्या पिढीने प्रश्नाला हात घातला, स्वतः शोधले. आज तेवढा शोधही कुणी घेत नाही म्हणून औंधचे नाव मी आदराने घेतो.

राक्षसाचा माणूस झाला, याचा सर्वांत धारदार उपयोग सांगलीच्याच सुपुत्राने केला. कृष्णाजी प्रभाकर खाडिलकरांचे ‘कीचकवध’ १९०७ साली रंगभूमीवर आले. कीचक महाभारतातलाच, पण प्रेक्षकांना त्याच्यात लॉर्ड कर्झन दिसला. सैरंध्री म्हणजे अपमानित देश, हे कुणी समजावून सांगावे लागले नाही. १९१० साली सरकारने नाटकावर बंदी घातली. त्या कीचकाला शिंगे लावली असती तर बंदीची गरजच पडली नसती. त्याचे भय तो ओळखीचा होता यात होते. नाटक आल्यावर तेरा वर्षांनी कोल्हापुरात बाबुराव पेंटरांनी ‘सैरंध्री’ हा मूकपट काढला, त्यात झुंजारराव पवारांनी कीचक केला. भीम कीचकाला मारतो तो प्रसंग इतका खरा वाटला की प्रेक्षक हादरले आणि तो भाग कापावा लागला. मग १९३४ साली प्रभातचा ‘अमृतमंथन’ आला. व्ही. शांतारामांनी राजगुरूचा नुसता डोळा पडदाभर दाखवला. मराठीत केशवराव दाते, हिंदीत चंद्रमोहन. रंगवलेला चेहरा नाही, मुखवटा नाही, एक डोळा. राळेच्या उजेडात तुकड्यांनी दिसणाऱ्या राक्षसाचा खरा वारस मला तो डोळा वाटतो.

छापील मासिकांनी पुढचे काम केले. मराठी ‘चांदोबा’ १९५२ साली निघाला आणि शंकर यांनी काढलेला विक्रमादित्य, खांद्यावर प्रेत, हातात तलवार, हे चित्र पिढ्यांच्या डोळ्यांत बसले. वेताळ त्या चित्रात भेसूर नाही, हुशार आहे. म्हणून तो टिकला. नंतर अमर चित्रकथेत राम वाईरकर, प्रताप मुळीक यांच्यासारख्या मराठी हातांनी देव-दानवांची मोठी वस्ती उभारली. त्यांच्या रेषेवर माझे प्रेम आहे, पण रंगांबद्दल बोलायलाच हवे. राम, कृष्ण, द्रौपदी हे तिघेही ग्रंथांत सावळे. चित्रात मात्र देवांचा सावळेपणा निळा झाला, द्रौपदी बहुधा उजळ झाली आणि काळा-तपकिरी रंग असुरांच्या वाट्याला गेला. त्याबरोबर जाड ओठ, चपटे नाक, कुरळे केसही गेले. माण-खटावच्या उन्हात रापलेले पोर ते पुस्तक उघडते तेव्हा त्याला आपल्या बापाचा रंग कुणाच्या अंगावर दिसतो? हा प्रश्न चित्रकाराने स्वतःला विचारला पाहिजे. हीच गोष्ट सिनेमातल्या नावांची. ‘थरथराट’मध्ये टकलू हैवान, ‘धडाकेबाज’मध्ये कवट्या महाकाळ. मुलांनी ही नावे डोक्यावर घेतली आणि त्यांची गंमत मीही मानतो. पण टक्कल, कुबड, तिरळा डोळा यांनाच दुष्टपणाची पाटी समजणे ही आळशी कल्पना आहे. मंथरेपासून ती आपल्यात आहे म्हणून ती बरी ठरत नाही.

आपल्या गावकुसात याहून शहाणी उदाहरणे बसलेली आहेत. कराड तालुक्यातल्या पालीला पौषात खंडोबा-म्हाळसेचे लग्न लागते, भंडाऱ्याने माणसे पिवळी होतात. खंडोबाने मारलेले मणी आणि मल्ल हे दैत्य त्या कथेतून हाकलून दिलेले नाहीत. मरताना मणीने मागितले की मला तुझ्याजवळ जागा दे. मल्लाने मागितले की माझे नाव तुझ्या नावाआधी लाव. म्हणून देव मल्हारी झाला. दर वेळी ‘येळकोट येळकोट जय मल्हार’ म्हणताना आपण त्या हरलेल्याचेही नाव घेतो. शेताच्या बांधावरचा म्हसोबा तर याच्याही पुढे गेला आहे. दामोदर कोसंबींनी त्याचा धागा महिषासुराशी जोडला. त्याला चेहरा नाही, शिंगे नाहीत, शेंदूर फासलेला धोंडा आहे, आणि तरी त्याच्याजवळून चालत जाताना माणूस पायातली वहाण काढतो. घाटाखालच्या कोकणात दशावतारातला संकासुर काळ्या वेषात, लांब लाल जीभ काढून येतो आणि आल्याबरोबर लोकांना हसवू लागतो. भय, भक्ती, हसू यांपैकी काहीही राक्षसाच्या वाट्याला येऊ शकते, एवढे लोकांना नीट माहीत होते.

आजच्या कामांत मला दिलासा देणारी ठिकाणे थोडी आहेत, पण आहेत. रत्नाकर मतकरींच्या ‘अलबत्या गलबत्या’तली चिंची चेटकीण दिलीप प्रभावळकरांनी केली, पुढे वैभव मांगल्यांनी केली. दोघांनी तिला वेगवेगळा देह दिला, कारण संहितेने तिचा स्वभाव पक्का केला होता, नाक किती लांब हे नव्हे. प्रभावळकरच ‘झपाटलेला’तले तात्या विंचू. तो गुंड बाहुल्यात शिरतो, आणि तो बाहुला रामदास पाध्यांचा. ज्या पाध्यांनी भाव्यांच्या लाकडी बाहुल्या पुन्हा खेळवल्या, त्यांच्याच हातून मराठीतला सर्वांत लाडका दुष्ट बाहुला जन्माला यावा, हे मला फार मोलाचे वाटते. कल्पना अमेरिकी सिनेमावरून आली हे उघड आहे. पण ती मिशी, तो चेहरा आणि ते बोलणे इथले आहे, म्हणून तीस वर्षे होऊन गेली तरी तो आपला वाटतो.

आणि ‘तुंबाड’मधला हस्तर. राही अनिल बर्वे यांचा हा चित्रपट २०१८ साली आला. हस्तर हा देवीचा पहिला, लाडका मुलगा. त्याने सोने घेतले, धान्यावर हात टाकला तेव्हा इतर देव उठले, आईने त्याला वाचवले, पण त्याची पूजा होणार नाही असा शाप पडला. आता तो आईच्या गर्भाच्या लाल भिंतींत अडकून युगानुयुगे उपाशी आहे. त्याचे शरीर याच गोष्टीतून घडले आहे: लाल अंग, भुकेने आधाशी झालेली चाल आणि कमरेला सोन्याच्या मुद्रांनी भरलेला लंगोट. त्या मुद्रा लुटायला आलेल्या माणसाच्या हातची कणकेची बाहुली दिसली की तो तुटून पडतो. एकही तपशील शोभेचा नाही. कुणी त्याचे चित्र काढायचे ठरवले तर आधी त्याची भूक काढावी लागेल. शेवटी बाप-मुलगा अनेक बाहुल्या घेऊन उतरतात आणि एकाऐवजी कितीतरी हस्तर समोर येतात. इथे भीती थोडी पातळ होते असे काहींचे मत आहे. मला तसे वाटत नाही. जितक्या बाहुल्या, तितके हस्तर. खलनायकांची संख्या तिथे माणसाच्या हावेने ठरवली आहे, चित्रकाराच्या हौसेने नाही.