वचनाचे ऋण : ड्यूरेनमाटचा मात्तेई

खुनाच्या तपासाने तपास-अधिकाऱ्याच्या मनाची काय दशा होते, हा अलीकडील गुन्हेपटांचा आवडता विषय होय. मद्य, अनिद्रा, मोडलेला संसार एवढी सामग्री जमविली की व्यथा सिद्ध झाली, असा त्यांचा समज दिसतो. फ्रीडरिख ड्यूरेनमाट या स्विस लेखकाने मात्र ती व्यथा कथेच्या घडणीतच रोवली. १९५८ साली त्याने एकच कथानक दोनदा हाताळले : आधी पटकथेत, मग ‘वचन’ या अर्थाच्या नावाच्या कादंबरीत. चित्रपटात खुनी सापडतो. कादंबरीत तो वाटेतच मोटार-अपघातात मरतो. आणि हे ठाऊक नसलेला मात्तेई, मृत बालिकेच्या आईला दिलेल्या शब्दाखातर, पेट्रोल-पंपावर त्याची वर्षानुवर्षे वाट पाहतो. पूर्वी मद्याला न शिवणारा हा गृहस्थ आता नशेत बुडालेला आहे. त्याचा तर्क अचूक होता. म्हणूनच त्याला सुटका नाही. परंतु त्याच्याविषयी हळहळताना आपण एक गोष्ट सहज विसरतो. खुन्यासाठी आमिष म्हणून त्याने दुसरीच एक अजाण मुलगी जवळ ठेवली होती. कादंबरीच्या आरंभी ती आपल्याला भेटते, तेव्हा ती सोळा वर्षांची असते, आणि निवेदकाला तिशीची वाटते.