गीताच्या पलीकडचे संगीत : भास्कर चंदावरकर यांच्या प्रयोगशीलतेचे स्वरूप

प्रास्ताविक

मराठी संगीताचा इतिहास बहुधा गीतांच्या आधारे सांगितला जातो. नाट्यपद, भावगीत आणि चित्रपटगीत हे त्याचे परिचित टप्पे होत. त्यामुळे ज्या संगीतकाराचे महत्त्वाचे कार्य सुट्या गीतात नसून प्रसंगाच्या बांधणीत आहे, त्याचे मूल्यमापन अपुरे राहते. भास्कर चंदावरकर (१९३६-२००९) हे याचे ठळक उदाहरण होय. पं. रविशंकर यांच्याकडे सतारीचे शिक्षण घेतलेल्या चंदावरकरांनी पुण्याच्या फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूटमध्ये सुमारे पंधरा वर्षे अध्यापन केले. एका भाषेशी वा एका निर्मितिसंस्थेशी ते बांधलेले नव्हते. १९७२ या एकाच वर्षी 'वंशवृक्ष' हा कन्नड चित्रपट, कुमार शहानी यांचा 'माया दर्पण' हा हिंदी चित्रपट आणि 'घाशीराम कोतवाल' हे मराठी नाटक या तिन्हींना त्यांचे संगीत लाभले. त्यांची प्रयोगशीलता नेमकी कशात होती, याचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे.

'घाशीराम'मधील विसंगती

विजय तेंडुलकर यांच्या या नाटकाचा पहिला प्रयोग जब्बार पटेल यांच्या दिग्दर्शनाखाली १६ डिसेंबर १९७२ रोजी पुण्यात झाला. कीर्तन, अभंग आणि लावणी ही यातील संगीताची सामग्री प्रेक्षकांना पूर्णपणे परिचित होती. नवे होते ते त्यांचे शेजारीपण. भक्तीचा स्वर आणि बावनखणीचा स्वर एकाच समूहाच्या कंठातून निघतात, तेव्हा त्या समूहाचे दांभिक रूप उघडे पडते. त्यासाठी वेगळ्या भाष्याची गरज उरत नाही. जे काम संवादाने करावयाचे, ते येथे चाल आणि लय करतात. मानवी पडद्याइतकाच संगीत हा या नाटकाच्या आशयाचा घटक आहे.

'सामना' : दोन गीतांतील अंतर

'सामना' हा चित्रपट १९७५ मध्ये बर्लिन चित्रपट महोत्सवात दाखविला गेला. सहकारी साखर कारखानदारीतून उभ्या राहिलेल्या सत्तेचे त्यातील चित्रण अहमदनगर (आता अहिल्यानगर) जिल्ह्यातील वाचकाला परके नाही. सहकारी साखर कारखान्याचा पाया याच जिल्ह्यात प्रवरेच्या काठी घातला गेला. काष्टीसारख्या श्रीगोंदा तालुक्यातील गावाचे अर्थकारणही उसाशी जोडलेले आहे. मारुती कांबळेचे काय झाले, या मास्तरच्या प्रश्नाने या चित्रपटातील हिंदुराव धोंडे पाटलांची सत्ता अस्वस्थ होते.

या चित्रपटातील दोन गीते तुलनेसाठी उपयुक्त आहेत. लता मंगेशकर यांनी गायिलेले जगदीश खेबुडकरांचे गीत मधुर आहे. परंतु चित्रपट न पाहताही त्याचा पूर्ण आस्वाद घेता येतो. येथे चंदावरकरांनी रूढ संकेत स्वीकारला आहे. रवींद्र साठे यांच्या आवाजातील आरती प्रभूंचे गीत मात्र कोणत्याही पात्राच्या मुखी नाही. ते घटनांकडे बाहेरून पाहते आणि प्रेक्षकाला साक्षीदार करते. लोकप्रियता दोन्ही गीतांना लाभली. तथापि चंदावरकरांची खरी दृष्टी दुसऱ्या गीतात प्रकटते.

गीताविना संगीत

मृणाल सेन यांच्या 'खंडहर' (१९८४) या चित्रपटात पडक्या वाड्यातील प्रतीक्षा हाच मुख्य अनुभव आहे. अशा ठिकाणी संगीताचा अतिरेक झाला असता, तर प्रतीक्षेचे रूपांतर करुणगीतात झाले असते. संदीप सावंत यांच्या 'श्वास' (२००४) या चित्रपटात हाच प्रश्न अधिक तीव्र होतो. जीव वाचविण्यासाठी ज्या मुलाला दृष्टी गमवावी लागणार आहे, त्याच्या दृष्टीने ध्वनी हेच पुढचे जग आहे. येथे प्रेक्षकाच्या डोळ्यांत पाणी आणणे संगीतकाराला सहज शक्य होते. ते टाळून आजोबा आणि नातू यांच्या शांततेला अवकाश देण्यात त्या संगीताचा संयम दिसतो.

समारोप

चंदावरकरांचा प्रयोग अपरिचित वाद्यांचा वा विक्षिप्त स्वरमेळांचा नव्हता. संगीताने कोठे उभे राहावे, पात्राच्या भावनेत की तिच्याबाहेर, हा त्यांचा प्रश्न होता. संगीत भावना वाढविते, या रूढ समजुतीऐवजी ते विचारही करू शकते, हे त्यांनी दाखविले.

याचा अध्यापनाशी थेट संबंध आहे. 'घाशीराम कोतवाल' हे नाटक वर्गात केवळ छापील संहिता म्हणून शिकविले, तर त्यातील पदे पद्यपंक्तीच राहतात. संहितेत चाल नसते. चाल न ऐकता केलेले या नाटकाचे विवेचन अर्धवट ठरते. म्हणून नाटक व चित्रपट यांच्या अभ्यासात श्रवणाला वाचनाइतकेच स्थान मिळणे आवश्यक आहे. तसे झाल्यास चंदावरकरांचे कार्य गीतांच्या यादीतून बाहेर येईल आणि मराठी समीक्षेलाही संगीताचा विचार करण्यासाठी अधिक व्यापक निकष लाभेल.