सूट-टायची भूमिका

ब्राझीलच्या ग्लोबो वाहिनीने १९६९ साली ‘अंकल टॉम्स केबिन’वर मालिका काढली आणि गुलाम टॉमच्या भूमिकेसाठी सेर्जियू कार्दोझू या गोऱ्या नटाच्या चेहऱ्याला काळा रंग फासला. नाटककार प्लिनियू मार्कोस यांनी त्यावर टीकेची झोड उठवली. कृष्णवर्णीय नट मिल्टन गोन्साल्विस तेव्हा याच वाहिनीत होते, अगदी १९६५च्या स्थापनेपासून. अर्धाअधिक देश कृष्णवर्णीय किंवा मिश्रवर्णीय. तरी तिथल्या चरित्र अभिनयाची परंपरा बहरली ती अशा बंद दारांच्या आवारात.

गोन्साल्विस यांचा जन्म १९३३चा, मिनास जेराइस प्रांतातला. चांभारकाम, शिवणकाम, छापखाना असं करत ते साओ पाउलोच्या ‘तेआत्रू दे अरेना’त पोचले. आपल्याकडच्या पथनाट्यवाल्यांना परिचित असलेले आउगुस्तू बोआल इथलेच. संपकरी कामगारांवरचं नाटककार ग्वार्निएरी यांचं नाटक १९५८ साली अरेनाने रंगमंचावर आणलं, त्यात गोन्साल्विस होते. लेओन हिर्शमन यांनी १९८१ साली त्यावर चित्रपट केला, तेव्हा पोलिसांकडून मारला जाणारा ब्राउलियू गोन्साल्विस यांनीच साकारला.

‘ओ बेम-आमादू’ (१९७३) या ब्राझीलच्या पहिल्या रंगीत टेलिनोव्हेलात, म्हणजे टीव्ही मालिकेत, नाव झालं ते भ्रष्ट महापौर झालेल्या पाउलू ग्रासिंदू यांचं. त्यात झेलांव नावाचा कोळी पंख लावून चर्चच्या मनोऱ्यावरून उडण्याचा नवस बोलतो. ही भूमिका थट्टेची होणं फार सोपं होतं. गोन्साल्विस यांनी ती पूर्ण श्रद्धेने केली, म्हणूनच शेवटी झेलांव खरोखर उडतो तेव्हा ती लेखकाची चलाखी वाटत नाही. पुढच्याच वर्षी ‘आ राइन्या दियाबा’त ते रिओच्या अमली पदार्थांच्या धंद्याचा समलिंगी म्होरक्या झाले: नखरेल, क्रूर, आणि एकटा. लष्करी राजवटीच्या ऐन काळात असा नायक पडद्यावर आणण्याचं धाडस दिग्दर्शक फोंतोरा यांचं. पण चित्रपट आजही बघावासा वाटतो तो नटामुळे. त्यांच्या कारकिर्दीतलं हे सर्वांत मोठं काम, आणि ते टीव्हीबाहेरचं, हे ध्यानात घ्यायला हवं.

टीव्हीवर मात्र मागून घ्यावं लागे. लेखिका जानेते क्लेर यांच्याकडे त्यांनी सूट-टाय घालणारी, शिकलेली व्यक्तिरेखा मागितली. ‘पेकादू कापिताल’मध्ये (१९७५) ते मानसोपचारतज्ज्ञ डॉ. पर्सिवाल झाले. पहिल्या पसंतीच्या मालिकेवर सेन्सॉरने बंदी घातल्यामुळे घाईत उभ्या राहिलेल्या मालिकेत ही जागा निघाली, हा योगायोगही गमतीदार. १९७६ साली त्यांनी दिग्दर्शनात हातभार लावलेली ‘एस्क्रावा इझाउरा’ चीन, पोलंड, क्युबापर्यंत गेली. तिच्यातली गुलाम नायिका मूळ कादंबरीप्रमाणेच गोरी दिसणारी होती.

‘आ फावोरिता’त (२००८) ते भ्रष्ट राजकारणी रोमिल्दू रोझा झाले, तर कृष्णवर्णीय राजकारणी तोही लाचखोरच का, असा आक्षेप आला. आक्षेप वाजवी होता, पण नेम चुकीच्या माणसावर धरलेला. ग्लोबोच्या टेलिनोव्हेलाला पहिली कृष्णवर्णीय नायिका (ताईस आराउजू) मिळाली तीच मुळी २००४ साली. आसपास दहा काळ्या व्यक्तिरेखा असत्या, तर एका रोमिल्दूच्या लाचखोरीकडे कुणी ढुंकून पाहिलं नसतं.