शब्द आणि दृश्य : अरुण खोपकर यांची दुहेरी साधना

अरुण खोपकर हे नाव मराठी वाङ्मयाच्या अभ्यासकास परिचित आहे ते प्रामुख्याने ग्रंथकार म्हणून. ‘गुरु दत्त : तीन अंकी शोकांतिका’ या १९८५ च्या ग्रंथास राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, ‘चलत् चित्रव्यूह’ला २०१५ चा साहित्य अकादेमी पुरस्कार लाभला. मात्र त्यांचे चित्रपट वाङ्मयाभ्यासाच्या कक्षेबाहेरच राहिले. या विभागणीमुळे त्यांच्या लेखनाचे मर्मही दृष्टिआड होते.

शब्दाने दृश्याची जागा बळकावू नये, त्याच्याकडे दृष्टी वळवावी, हे ते मर्म होय. उपरोक्त ग्रंथात ‘प्यासा’ (१९५७), ‘कागज के फूल’ (१९५९) आणि ‘साहिब बीबी और गुलाम’ (१९६२) यांचे विवेचन आहे. कथानक सांगून अभिनयाचा निवाडा देणे ही चित्रपटपरीक्षणाची रूढ रीत. खोपकर मात्र प्रकाश, छाया आणि कॅमेऱ्याची गती यांना अर्थवाहक घटक मानतात. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधील शिक्षणाचा संस्कार येथे स्पष्ट जाणवतो.

हाच विचार चित्रपटांत उलट दिशेने येतो. ‘कथा दोन गणपतरावांची’ (१९९६) हा चित्रपट गोगोलच्या कथेवर आधारलेला आहे. मूळ कथेत दोन इवान एका अपशब्दावरून वैरी होतात व कोर्टाची पायरी चढतात. दिलीप प्रभावळकर व मोहन आगाशे यांच्या भूमिका असलेल्या या मराठी रूपांतरात नावांचे हे साम्य गणपतरावांच्या रूपाने टिकते. नाव एक, माणसे दोन. शब्द जो भेद दाखवू शकत नाही, तो पडद्यावर देहच दाखवितो.

‘नारायण गंगाराम सुर्वे’ (२००२) या चित्रपटात नावाला निराळे वजन येते. अनाथ अर्भकाला गंगाराम सुर्वे या गिरणी कामगाराने आपलेसे केले. कवीचे संपूर्ण नाव हाच त्या उपकाराचा दस्तऐवज. शीर्षकात ते पूर्ण ठेवणे ही औपचारिकता नव्हे, तर अर्थनिर्णय आहे. सर्वोत्कृष्ट कथाबाह्य चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार या कृतीस मिळाला.

आक्षेप असा घेता येईल की, जहांगीर सबावाला, लीला सॅमसन, चार्ल्स कोरिया अशा मान्यवरांचीच निवड केल्याने खोपकरांच्या अनुबोधपटांत आस्वादाचे पारडे चिकित्सेहून जड होते. आक्षेप निराधार नाही. परंतु कोरियांवरील ‘व्हॉल्यूम झीरो’ (२००८) सुर्व्यांवरील चित्रपटाशेजारी ठेवून पाहिल्यास त्याची धार बोथट होते. कोरिया, प्रवीणा मेहता व शिरीष पटेल यांनी १९६० च्या दशकात खाडीपलीकडील नव्या शहराची कल्पना मांडली; १९७० मध्ये सिडको स्थापन झाल्यावर कोरिया तिचे मुख्य वास्तुविशारद झाले. ठाणे–बेलापूर औद्योगिक पट्ट्यातील पावणे येथे मूळचे गाव, कारखाने आणि हे नियोजित शहर एकमेकांस भिडले आहेत. शहर आखणारा आणि शहरात राबणारा, या दोघांचा विचार तेथे वेगळा करता येत नाही. खोपकरांच्या दोन कृती मिळून हीच दोन टोके समोर ठेवतात. त्यांना जोडण्याचे काम मात्र प्रेक्षकावर सोडतात.

म्हणून खोपकरांचे गद्य अभ्यासक्रमात लावताना त्यांचे चित्रपट दाखविणे ही पूरक सोय समजू नये. दृश्यावाचून हे गद्य वाचणे म्हणजे मूळ संहिता बाजूस सारून केवळ भाष्य वाचणे होय.